छातीतली गाठ कशाची, हे कळल्याशिवाय गोळी नको

वाचकाचं पत्र

माझे मिस्टर ४१ वर्षांचे आहेत. अंबडच्या एका फाउंड्रीत बरीच वर्षं मोल्डिंगवर काम करतात. दिवाळीपासून कोरडा खोकला आहे. नाशिकच्या थंडीमुळे असेल म्हणून आम्ही दोन महिने काढे आणि सिरपवर काढले. आता संध्याकाळी कणकण येते, जेवण कमी झालंय आणि वजन चार किलो उतरलंय. एक्स-रेनंतर सीटी स्कॅन केला. त्यात छातीत मधोमध बऱ्याच गाठी आहेत, सगळ्यात मोठी २२ मिलिमीटरची, आणि काही गाठींच्या आत ‘नेक्रोसिस’ आहे, असं लिहिलंय. शेवटी ‘कॉक्स, सारकॉइडोसिस, लिम्फोमा’ अशी तीन नावं आहेत. सिडकोतले आमचे नेहमीचे डॉक्टर म्हणतात, टीबीच आहे, सोमवारपासून एकेटी, म्हणजे टीबीच्या गोळ्या सुरू करू. छातीचे डॉक्टर म्हणतात, आधी ‘ईबस’ करून गाठीचा नमुना घ्या. दीर म्हणतात, सुई लावली की गाठ पसरते, हात लावू नका. घरात नऊ आणि चार वर्षांची मुलं आहेत, त्यांना वेगळं ठेवायचं का? मी इंटरनेटवर लिम्फोमा वाचलं आणि रिपोर्ट कपाटात लपवून ठेवला. मिस्टरांना फक्त ‘इन्फेक्शन आहे’ एवढंच सांगितलंय. काय करू?

– एक वाचक, सिडको, नाशिक

ताई, नमस्कार.

सोमवारी गोळ्या सुरू करू नका. छातीच्या डॉक्टरांनी सांगितलेला ईबस, म्हणजे दुर्बिणीतून सुईने गाठीचा नमुना घेण्याची तपासणी, आधी करून घ्या, आणि शक्य असेल तर याच आठवड्यात. तुमच्या नेहमीच्या डॉक्टरांचा अंदाज खरा ठरण्याची शक्यता चांगली आहे, तरीही मी हे सांगतेय. का, ते सविस्तर लिहिते.

पण त्याआधी एक. चेहरा किंवा मान सुजली, मानेच्या शिरा टरारून फुगल्या, आडवं झाल्यावर जीव घाबरा व्हायला लागला, श्वास घेताना घशातून शिट्टीसारखा आवाज आला किंवा खोकल्यातून रक्त पडलं, तर ईबसच्या तारखेची वाट बघू नका. रात्र असो की पहाट, तडक मोठ्या रुग्णालयाच्या कॅज्युअल्टीत जा. गाठी मोठ्या होऊन शिरेवर किंवा श्वासनलिकेवर दाब येत असल्याची ती लक्षणं असतात. तुमच्या पत्रात यातलं काहीच नाही, ही दिलाशाची गोष्ट आहे. म्हणूनच नीट तपास करायला आपल्याकडे वेळ आहे.

आता या गाठी म्हणजे काय ते बघू. पायात काटा मोडून पू झाला की जांघेत अवधाण येतं, हे आपल्याकडे आजीलासुद्धा माहीत असतं. शरीरात ठिकठिकाणी असलेल्या लसिका ग्रंथींपैकी ती एक. जंतू, धूळ, खराब झालेल्या पेशी, जे काही तिथपर्यंत वाहत येईल ते या ग्रंथी अडवतात आणि त्या झटापटीत सुजतात. अशाच ग्रंथी दोन्ही फुप्फुसांच्या मध्ये, श्वासनलिकेच्या आजूबाजूला आणि ती जिथे दुभागते तिथेही असतात. त्या प्रत्येकाच्या छातीत असतात, तुमच्या आणि माझ्याही. सीटीवर त्यांची आडवी, म्हणजे कमी बाजूची जाडी १० मिलिमीटरपर्यंत असेल तर सहसा कुणी लक्ष देत नाही. श्वासनलिकेच्या दुभाजकाखालची ग्रंथी मुळातच जरा मोठी असते, तिला थोडी जास्त सूट असते. तुमच्या मिस्टरांची २२ मिलिमीटरची गाठ निर्यातीच्या मोठ्या द्राक्षमण्याहूनही मोठी आहे. खोकला, कणकण आणि उतरलेलं वजन जोडीला असताना तिच्याकडे दुर्लक्ष करून चालणार नाही.

तुम्ही पाठवलेल्या फोटोंमध्ये रिपोर्टचं दुसरं पान वाचता येतंय. त्यातल्या तीन ओळी महत्त्वाच्या वाटल्या. पहिली, गाठी श्वासनलिकेच्या उजव्या अंगाला आणि दुभाजकाखाली जास्त आहेत, डावीकडे कमी. सारकॉइडोसिसमध्ये त्या बहुतेकदा दोन्ही फुप्फुसांच्या मुळाशी, डावी-उजवीकडे सारख्याच वाढलेल्या दिसतात. तेव्हा ही ओळ टीबीकडे थोडी झुकते. दुसरी ओळ नेक्रोसिसची. कॉन्ट्रास्टचं औषध दिल्यावर गाठीची कड उजळली आणि मधला भाग काळाच राहिला, म्हणजे आतला भाग मेलेला आहे. आपल्या देशात असं चित्र दिसलं की पहिला संशय टीबीचाच घेतात, आणि तो रास्त आहे. पण लिम्फोमाच्या आणि फुप्फुसाच्या कर्करोगातून आलेल्या गाठीही आतून अशाच मरतात. तिसरी ओळ मात्र तुम्हाला कुणी समजावून सांगितलेली दिसत नाही: फुप्फुसांच्या वरच्या भागात दोन्हीकडे बारीक ठिपके आहेत.

त्या ओळीपाशी मी बराच वेळ थांबले. तुमचे मिस्टर इतकी वर्षं मोल्डिंगवर आहेत. साच्याची वाळू म्हणजे सिलिका. साचा फोडताना, ओतकाम साफ करताना उडणारी तिची सगळ्यात बारीक धूळ डोळ्यांना दिसत नाही आणि नाकाला बांधलेल्या रुमालाने अडत नाही. ती फुप्फुसात खोलवर जाऊन बसते. वर्षानुवर्षं असं झालं की वरच्या भागात बारीक गाठी-ठिपके तयार होतात आणि मधल्या ग्रंथीही सुजतात. कधी कधी त्या ग्रंथींच्या कडेने अंड्याच्या कवचासारखा कॅल्शियमचा पातळ थर जमतो. याला सिलिकोसिस म्हणतात. रिपोर्टच्या तीन नावांत हे चौथं नाव का नाही? रिपोर्टवर वरती ‘क्लिनिकल हिस्टरी’च्या पुढे फक्त ‘कफ, फीवर’ लिहिलंय. व्यवसाय लिहिलेलाच नाही. सीटी वाचणारे डॉक्टर पेशंटला बघत नाहीत, त्यांच्यासमोर चित्रं असतात आणि चिठ्ठीवरच्या दोन ओळी. तेव्हा सीटीची सीडी घेऊन जाल तेव्हा छातीच्या डॉक्टरांना पहिलं वाक्य हे सांगा: ‘हे फाउंड्रीत वाळूच्या कामावर आहेत.’ किती वर्षं, रोज किती तास, मास्क कोणता, आधी दगडखाणीत किंवा क्रशरवर काम केलंय का, हेही सांगा. सिलिकाची धूळ बसलेल्या फुप्फुसात टीबी होण्याचा धोका बराच वाढतो. म्हणजे दोन्ही एकत्र असू शकतात, आणि तसं असेल तर टीबीचे उपचार जास्त काळ द्यावे लागू शकतात. कायद्यात सिलिकोसिसची नोंद व्यवसायजन्य आजार म्हणून आहे. निदान झालं तर त्याची कळवणी करणं डॉक्टरांवर बंधनकारक असतं, हेही लक्षात असू द्या.

रिपोर्टमधल्या बाकीच्या नावांबद्दल थोडक्यात. ‘कॉक्स’ म्हणजे टीबीच. सारकॉइडोसिसमध्ये शरीराच्या संरक्षक पेशी कारण नसताना जागोजागी पुंजके करून बसतात. तो का होतो हे अजून नक्की उलगडलेलं नाही, तो संसर्गजन्य नाही, कर्करोगही नाही, आणि नुसत्या छातीतल्या गाठी असतील तर बऱ्याच जणांत उपचाराविना ओसरतो. लिम्फोमा हा लसिका ग्रंथींचाच कर्करोग. तुम्ही इंटरनेटवर जे वाचलंत त्याने झोप उडाली असणार. पण त्याचे कितीतरी प्रकार आहेत, आणि तरुणांच्या छातीत जो बऱ्याचदा दिसतो तो हॉजकिन प्रकार कर्करोगांमध्ये सगळ्यात चांगला बरा होणाऱ्यांपैकी आहे. शिवाय न्यूमोनियानंतर, हृदयाचं पंपिंग कमी झाल्यावर, फुप्फुसांच्या काही जुनाट आजारांत, फिट्सच्या एखाद्या औषधानेसुद्धा या ग्रंथी वाढतात. फुप्फुस, स्तन किंवा अन्ननलिकेच्या कर्करोगाच्या पेशी तिथे येऊन बसू शकतात. मिस्टर तंबाखू-विडी घेत असतील तर तेही डॉक्टरांना सांगा.

आता मूळ प्रश्न. टीबीचाच संशय जास्त असेल तर गोळ्या सुरू करायला काय हरकत आहे? आपल्याकडे वर्षानुवर्षं हेच चालत आलंय. सीटीत गाठी दिसल्या, मॅन्टू (टीबीसाठी हातावर सुई टोचून करतात ती चाचणी) फुगली, रक्तातला ईएसआर (सूज दाखवणारा आकडा) वाढला की एकेटी. गुण आला तर टीबी होता, नाही आला तर पुढचं बघू. या ‘पुढचं बघू’मध्ये जे जातं ते मी बघितलंय, म्हणून इतकं आग्रहाने लिहितेय. लिम्फोमा असेल तर दोन-तीन महिने फुकट जातात आणि आजार एका टप्प्यावरून पुढच्या टप्प्यावर जातो. सारकॉइडोसिस असेल तर सहा महिने गोळ्या विनाकारण पोटात जातात. त्यातल्या तीन गोळ्या यकृताला त्रास देऊ शकतात आणि एक नजरेला. आणि तो टीबीच निघाला, पण नेहमीच्या औषधांना दाद न देणारा निघाला तर? मग चुकीच्या गोळ्यांनी जंतू आणखी निबर होतो, आणि नमुना घ्यायला जाल तेव्हा अर्धवट उपचारामुळे तो सापडतही नाही.

त्यात टीबीच्या बाबतीत एक विचित्र गोष्ट आहे. औषध अगदी बरोबर चालू असताना, पहिल्या दोन-तीन महिन्यांत गाठी कधी कधी आणखी मोठ्या होतात. शरीराची प्रतिकारशक्ती जागी होऊन जंतूंच्या अवशेषांवर तुटून पडते म्हणून हे होतं. निदान पक्कं असेल तर डॉक्टर शांतपणे सांगू शकतात की घाबरू नका, गोळ्या चालू ठेवा. निदानच झालेलं नसेल तर त्याच वाढलेल्या गाठीकडे बघून ना त्यांना काही सांगता येतं, ना तुम्हाला झोप लागते.

तुमच्या नेहमीच्या डॉक्टरांवर रागावू नका. त्यांनी वेळेवर सीटी करायला लावला, ही मोठी गोष्ट आहे. त्यांना सरळ सांगा, ‘डॉक्टर, टीबी असला तरी औषध कुठलं लागू पडेल ते बघूनच सुरू करूया.’ कुठलाही समजूतदार डॉक्टर याला नाही म्हणणार नाही. आणि मधल्या काळात दोन औषधं टाळा, तीही त्यांना विचारूनच. एक, स्टिरॉइड: प्रेडनिसोलोन, डेक्सामेथासोन, मग ते गोळीत असो की ‘ताकदीच्या’ इंजेक्शनात. त्याने लिम्फोमाच्या गाठी काही दिवस विरघळल्यासारख्या होतात आणि नमुन्यात काही सापडत नाही. टीबी असेल तर स्टिरॉइडने तो आतल्या आत पसरू शकतो. दुसरं, लेव्होफ्लॉक्सॅसिनसारखं अँटिबायोटिक. खोकल्यासाठी ते सर्रास लिहितात, पण टीबीच्या जंतूला ते अर्धंमुर्धं दाबतं आणि निदान मागे पडतं. आतापर्यंत दिलेल्या औषधांच्या चिठ्ठ्या आणि रिकाम्या स्ट्रिप्स असतील तर एका पिशवीत भरून छातीच्या डॉक्टरांकडे घेऊन जा.

मॅन्टूवर भिस्त ठेवू नका. आपल्या देशात प्रौढांपैकी साधारण तिसऱ्या हिश्श्याच्या अंगात टीबीचा जंतू झोपलेल्या अवस्थेत असतो. हातावरचा फुगा त्यांच्यातही येतो, आजार नसताना. सारकॉइडोसिसमध्ये फुगा बहुतेकदा येत नाही, एवढाच तिचा थोडाफार उपयोग. हजारो रुपये घेऊन केली जाणारी रक्तातली ‘टीबी गोल्ड’ चाचणीही झोपलेला जंतू आणि जागा झालेला आजार यांत फरक करत नाही. ईएसआर तर साध्या सर्दी-तापातही वाढतो. रक्तातली ‘एस’ नावाची चाचणी सारकॉइडोसिससाठी लिहितात, पण ती वाढली म्हणून निदान होत नाही आणि नॉर्मल आली म्हणून सारकॉइडोसिस नाही असंही होत नाही. आणि पेट स्कॅन? कुणी तरी तुम्हाला तो सुचवेलच. त्यात गाठी चमकतील, पण टीबी, सारकॉइडोसिस आणि लिम्फोमा तिन्ही चमकतात. कुठल्या गाठीतून नमुना घ्यावा किंवा कर्करोग निघालाच तर तो कुठवर गेलाय, हे ठरवायला पेट उपयोगी आहे. निदानासाठी आधी पेट करून पैसे घालवू नका.

ईबसच्या आधी मात्र एक साधी, फुकटची तपासणी राहिलेली असू शकते. मिस्टरांना शर्ट काढून बसवून डॉक्टरांनी मान, हंसळीच्या हाडाच्या वरची खाच आणि काखा बोटांनी चाचपल्या का? तिथे गाठ हाताला लागली तर तीच काढणं किंवा सोनोग्राफीत बघून तिचा तुकडा घेणं सगळ्यात सोपं. मग छातीत शिरायची गरजच पडत नाही. लिम्फोमाचा संशय असेल तर अख्खी गाठ मिळणं पॅथॉलॉजिस्टला जास्त आवडतं, कारण सुईत आलेल्या मोजक्या पेशींवरून त्याचा नेमका प्रकार ठरवणं अनेकदा जमत नाही. जोडीला रक्ताचे नेहमीचे रिपोर्ट, साखर, यकृत, किडनी आणि एचआयव्ही. शेवटच्या नावाने दचकू नका, टीबीच्या संशयात ती सगळ्यांचीच करतात. बेडका पडत असेल तर त्याचे दोन नमुने द्या, त्यातला एक पहाटेचा. कोरडाच खोकला असेल तर ईबसच्या वेळी फुप्फुसात थोडं सलाईन सोडून परत ओढून घेतात आणि ते पाणी तपासतात.

ईबस म्हणजे दुर्बीणच, पण तिच्या टोकाला सोनोग्राफीचा छोटा प्रोब असतो. घसा बधिर करून, शिरेतून गुंगीचं औषध देऊन ती तोंडावाटे श्वासनलिकेत नेतात. भिंतीपलीकडची गाठ पडद्यावर दिसते, शेजारच्या रक्तवाहिन्याही रंगात दिसतात, आणि डॉक्टर बघत बघत बारीक सुई त्या गाठीतच घालतात. छातीला छेद नाही, टाका नाही. किमान सहा तास पोट रिकामं हवं. रक्त पातळ करायची गोळी चालू असेल तर ती कधी बंद करायची हे आधीच विचारा. अर्धा-पाऊण तास लागतो, बहुतेक जण संध्याकाळी घरी येतात. घसा खवखवेल, थुंकीत रक्ताची एखादी रेघ दिसेल, रात्री जरा अंग तापेल. त्या दिवशी त्यांना गाडी चालवू देऊ नका. गंभीर गुंतागुंत क्वचित होते, पण छातीत दुखणं, धाप किंवा भरपूर रक्त असं काही झालं तर लगेच परत जा.

ईबसच्या दिवशी तुमच्यावर एक काम येईल, आणि या पत्रातलं सगळ्यात महत्त्वाचं तेच आहे. आपल्याकडे नमुन्याच्या बाटल्या बऱ्याचदा नातेवाइकांच्याच हातात देतात आणि लॅबमध्ये पोहोचवायला सांगतात. बाटल्या एकाहून जास्त असायला हव्यात. एकीत फॉर्मॅलिन असतं, उग्र वासाचं. ती पॅथॉलॉजीसाठी, म्हणजे तुकड्याचा पोत सूक्ष्मदर्शकाखाली बघायला. दुसरी नुसत्या सलाईनची, टीबीच्या जंतूसाठी. फॉर्मॅलिनमध्ये जंतू मरतो. मेलेला जंतू कल्चरमध्ये, म्हणजे लॅबमध्ये जंतू वाढवून बघायच्या चाचणीत, वाढत नाही, आणि मग कुठलं औषध लागू पडेल हे कळायचा रस्ताच बंद होतो. एका तरुण पेशंटचा सगळाच नमुना कुणीतरी फॉर्मॅलिनच्या एकाच बाटलीत घातलेला मी बघितलाय. रिपोर्ट आला, ‘ग्रॅन्युलोमा’ म्हणजे संरक्षक पेशींचे पुंजके दिसले, पण टीबी की सारकॉइडोसिस हे ठरेना आणि त्याला पुन्हा टेबलावर जावं लागलं. तेव्हा आत नेण्याआधीच सीबीनॅट (टीबीचा जंतू शोधणारी मशीनवरची चाचणी) आणि फ्लो सायटोमेट्री (पेशींचा प्रकार ओळखणारी चाचणी) यांबद्दल विचारा: ‘डॉक्टर, सलाईनमधला नमुना सीबीनॅट आणि कल्चरला जाणार ना? लिम्फोमासाठी फ्लो सायटोमेट्रीला वेगळा ठेवणार का?’ हे विचारल्याने कुणाचा अपमान होत नाही. प्रत्येक बाटलीवर नाव, तारीख आणि कुठल्या गाठीतून नमुना घेतला ते लिहिलेलं आहे, हे डोळ्यांनी बघा आणि बाटल्या त्याच दिवशी पोहोचवा.

सीबीनॅटचं मशीन साधारण दोन तासांत टीबीच्या जंतूचं अस्तित्व सांगतं आणि रिफाम्पिसिन हे टीबीचं मुख्य औषध लागू पडेल का हेही सांगतं. गोव्यात तयार झालेली ट्रूनॅट ही चाचणीही याच कामाची. पॅथॉलॉजीला काही दिवस लागतात. कल्चरला मात्र सहा आठवड्यांपर्यंत वाट बघावी लागते, कारण हा जंतू फार सावकाश वाढतो. सीबीनॅट निगेटिव्ह आलं म्हणून टीबी नाही असं समजू नका. गाठीत जंतू मुळातच थोडे असतात. ग्रॅन्युलोमा, त्यातला पनीरसारखा मेलेला भाग, सीटीचं चित्र आणि पेशंटची हकिगत हे सगळं एकत्र मांडून डॉक्टर निर्णय घेतात. इतकं करूनही उत्तर मिळालं नाही तर ईबस पुन्हा करता येतो, किंवा भूल देऊन गळ्याखाली छोट्या छेदातून मेडियास्टिनोस्कोपी करतात. नीट तपास करूनही नमुन्यात काहीच हाती आलं नाही आणि चित्र टीबीचंच असेल, तर छातीचे डॉक्टर विचारपूर्वक एकेटी सुरू करतात, आणि ठरलेल्या तारखांना वजन, ताप आणि सीटी बघत राहतात. तो निर्णय आणि सोमवारचा निर्णय यांत जमीन-अस्मानाचा फरक आहे.

दीरांची भीती त्यांच्या एकट्याची नाही, मला जवळजवळ रोज कुणीतरी हे विचारतं. टीबी किंवा लिम्फोमा सुईमुळे अंगभर पसरत नाही. काही कर्करोगांत सुईच्या वाटेवर पेशी रुजल्याची उदाहरणं नोंदलेली आहेत, पण ती फार विरळ. फुप्फुसाच्या कर्करोगात तर आजार कुठवर गेलाय हे ठरवायला जगभर हीच तपासणी वापरतात. ‘सुई लावली आणि पेशंट बिघडला’ असं जे ऐकू येतं, तिथे बहुतेकदा सुई फार उशिरा लागलेली असते. दीरांना ईबसच्या दिवशी सोबत न्या आणि हा प्रश्न त्यांनाच डॉक्टरांना विचारू द्या.

टीबी निघाला आणि नेहमीची औषधं लागू पडत असतील तर सहा महिने रोजच्या गोळ्या, वजनानुसार. पहिले दोन महिने चार औषधं, पुढचे चार महिने तीन. लघवी केशरी होईल, ते रिफाम्पिसिनमुळे, त्याला घाबरू नका. डोळे पिवळे झाले, सतत उलट्या झाल्या, किंवा नजर अंधूक झाली, लाल-हिरवा रंग ओळखू येईना, तर मात्र त्याच दिवशी डॉक्टरांना गाठा. सारकॉइडोसिस निघाला तर डोळे, ईसीजी आणि रक्तातलं कॅल्शियम तपासून घ्या. डॉक्टरांना न विचारता ड जीवनसत्त्वाची आणि कॅल्शियमची पाकिटं घेऊ नका, या आजारात कॅल्शियम आधीच वाढलेलं असू शकतं. लिम्फोमा निघाला तर कर्करोगतज्ज्ञ पुढची वाट दाखवतील. महात्मा फुले जन आरोग्य योजनेत कर्करोगाचे उपचार येतात, त्यासाठी रेशन कार्ड आणि आधार कार्ड आत्ताच एका फाइलमध्ये लावून ठेवा.

पैशाचं तुम्ही लिहिलं नाहीत, पण फाउंड्रीतल्या कामगाराच्या घरात तो प्रश्न असणारच. पगारातून ईएसआय (कामगार विमा) कापतात का ते पगाराच्या स्लिपवर बघा. कापत असतील तर सातपूरच्या कामगार विमा रुग्णालयात जाऊन ईबससाठी रेफरलची चौकशी करा, आणि हे आधी करा. खासगीत पैसे भरून झाल्यावर ते परत मिळवणं जिकिरीचं होतं. आजारपणाच्या रजेत ईएसआयकडून पगाराच्या ७० टक्के रक्कम ९१ दिवसांपर्यंत मिळते. टीबी किंवा कर्करोगासारखा लांबणारा आजार असेल तर अटी पूर्ण करणाऱ्यांना ८० टक्क्यांप्रमाणे दोन वर्षांपर्यंत मिळू शकते. ईएसआय नसेल तर त्र्यंबक रोडच्या जिल्हा रुग्णालयात छातीच्या ओपीडीला दाखवा. टीबीची औषधं आणि सीबीनॅट सरकारी व्यवस्थेत मोफत आहेत. खासगी डॉक्टरांकडे उपचार घेतले तरी टीबीची नोंद ‘निक्षय’ या सरकारी नोंदणीत व्हायलाच हवी. त्या नोंदीवर पोषणासाठी महिन्याला १,००० रुपये बँक खात्यात येतात. नोव्हेंबर २०२४ पूर्वी ते ५०० होते.

मुलांना वेगळं ठेवू नका. टीबी फक्त छातीतल्या ग्रंथींत असेल तर तो सहसा खोकल्यातून पसरत नाही. फुप्फुसातही असेल तर पसरू शकतो, म्हणून बेडक्याचा किंवा त्या पाण्याचा रिपोर्ट येईपर्यंत मिस्टरांनी घरात मास्क लावावा, खोकताना रुमाल धरावा आणि रात्री मुलांपासून वेगळं झोपावं. थंडी असली तरी दिवसा खिडक्या उघड्या ठेवा. ताटवाटी, कपडे, टॉवेल वेगळे करायची काही गरज नाही, टीबी भांड्यांतून जात नाही. मुलांपैकी कुणाला दोन आठवड्यांहून जास्त खोकला, ताप किंवा वजन न वाढणं असं काही असेल तर लगेच दाखवा. फुप्फुसाचा टीबी पक्का झाला तर दोघांचीही तपासणी होईल, आणि चार वर्षांच्या धाकट्याला आजार नसला तरी तो होऊ नये म्हणून औषध देतात. ते टाळू नका.

राहिला कपाटातला रिपोर्ट. तुम्ही तो का लपवलात हे मला समजतं. पण ईबसच्या आधी संमतीपत्रावर सही तुमच्या मिस्टरांचीच लागेल. तपासणी कशासाठी आहे हे डॉक्टर त्यांना सांगतील, आणि त्या वेळी ‘लिम्फोमा’ हा शब्द ते पहिल्यांदा एका परक्या माणसाच्या तोंडून, टेबलावर जायच्या अर्धा तास आधी ऐकतील. तसं होऊ देऊ नका. शिवाय वाळूच्या कामाची खरी माहिती त्यांनाच आहे, आणि आपल्याला काय शोधायचंय हे ठाऊक असल्याशिवाय ते ती पूर्ण सांगणार नाहीत. आज मुलं झोपल्यावर रिपोर्ट त्यांच्या हातात द्या. तीन शक्यता लिहिल्यात, चौथी तुमच्या कामामुळे असू शकते, आणि यातली कुठली हे सुईच्या नमुन्यातून कळणार आहे, एवढंच सांगा. ते घाबरतील, कदाचित तुमच्यावर चिडतीलही. मग त्यांचे स्वतःचे प्रश्न त्यांच्याच अक्षरात कागदावर लिहायला सांगा आणि तो कागद छातीच्या डॉक्टरांकडे न्या. रिपोर्ट आल्यावर, आणि त्यातलं काही समजलं नाही तर, सगळ्या पानांचे फोटो मला पाठवा. यावेळी व्यवसायाची ओळ भरलेली असू द्या.